जल्लादाची खुर्ची

नव्या पाटीवरचे प्लास्टिक नखाने सोलता सोलता डॉक्टरने स्टुलावर उभ्या उभ्याच पुन्हा एकदा हिशेब केला. जुने आडनाव गाळल्याने पदरात काय काय पडणार होते? दात दुखणारे माणूस आधीच अर्धमेले असते. त्याला निदान दारातच घाम फुटणार नव्हता. लहान मुले पायरीवर बसकण मारून भोकाड पसरणार नव्हती. समोरचा औषधवाला लोकांना दवाखान्याचा पत्ता सांगताना हसणार नव्हता. आणि कॉलेजातले मित्र, जे सुधारण्यातले नव्हते, त्यांना "काय रे, पेशंटला शेवटची इच्छा विचारतोस ना?" हा विनोद नव्या लोकांसमोर करता येणार नव्हता. आणि जाणार काय होते? तीन अक्षरे. जल्लाद.

पाटीवर आता निळ्या अक्षरांत ‘डॉ. हकीम, दंतवैद्य’ असे झळकत होते. हकीम हे त्याच्या आईच्या माहेरचे आडनाव. आई जाऊन बरीच वर्षे झाली होती, त्यामुळे तिची हरकत येण्याचा प्रश्न नव्हता. कुणी विचारलेच तर उत्तर तयार होते: आईच्या आठवणीसाठी. उत्तर इतके छान जमले होते की विचारणारे कुणी भेटत नाही याचीच त्याला चुटपुट लागली होती.

"अरे छोट्या, उतर खाली. दवाखान्याचा पहिला पेशंट डॉक्टरच व्हायचा."

वडील फुटपाथवर उभे होते. खांद्याला हत्यारांची पिशवी, खिशाला चिकट डाग. जन्मभर त्यांनी मोटारींच्या सीटा, सोफे आणि खुर्च्या मढवल्या होत्या. बाजारात त्यांना सगळे उस्ताद म्हणत. ते आडनाव सांगत नसत, आणि लोकही विचारत नसत.

त्यांनी मान वर करून पाटी वाचली. कापड मापताना वाचतात तशी, एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत. डॉक्टरने हातातले प्लास्टिक चुरगळले.

"आईच्या आठवणीसाठी..." तो म्हणाला.

"हो हो. बरं वाटलं असतं तिला." वडिलांनी पिशवी या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतली. "लग्नाच्या वेळी मैत्रिणींनी फार छळलं होतं. म्हणे, जल्लादाच्या घरी चाललीस, मान जपून ने गं. तर ती काय म्हणाली माहितेय? म्हणाली, तिथे मान मिळेल म्हणूनच तर चाललेय."

ते हसले. डॉक्टरही हसला, पण त्याचे हसणे जरा उशिरा आले.

"अक्षर मात्र सुरेख काढलंय," वडील म्हणाले आणि आत गेले.

आत दवाखाना म्हणजे दोन खोल्या. बाहेरच्या खोलीत बाक, टेबल आणि टेबलाशी त्याच दिवसापासून कामावर आलेली रिसेप्शनची ताई. आतल्या खोलीत खुर्ची. ही खुर्ची एका म्हाताऱ्या दंतवैद्याने दवाखाना बंद करताना काढून टाकली होती. यंत्र ठणठणीत, पण वरचे रेक्झिन इतके फाटले होते की आतला फोम जीभ काढून बसला होता. वडिलांनी ती घरी आणली आणि सबंध मढवली. रेक्झिनने नव्हे, चामड्याने. काळपट तपकिरी, पुसले की लगेच कोरडे होणारे, हाताला कोमट लागणारे. असे चामडे त्यांनी कधीतरी चांगल्या कामासाठी म्हणून राखून ठेवले होते. सामान पुरवणाऱ्याने ती खुर्ची पाहून "परदेशी का?" असे विचारले, तेव्हा डॉक्टरने मान डोलावली होती. खोटे असे तो काही बोलला नव्हता. मान डोलावण्याला भाषा नसते, असे त्याचे त्यानेच स्वतःला समजावले होते.

डोके टेकायच्या उशीची एक शिवण उसवली होती, तेवढ्यासाठी वडील आले होते. ते गुडघ्यांवर बसले, पिशवीतून दाभण काढले, मेण लावलेला दोरा काढला, आणि शेवटी फडक्यात गुंडाळलेली रापी. रापी म्हणजे चामडे कापायचे पसरट, धारदार पाते. त्यांनी आधी दाराकडे पाहिले, कुणी नाही अशी खात्री केली, मगच फडके सोडले. ही घरातली जुनी रीत. जल्लाद नावाच्या माणसाने उघडे पाते हातात धरून कुणासमोर जाऊ नये. कुण्या काळी, कुण्या राजाच्या पदरी, आपल्यातल्या कुणीतरी माणसांची मुंडकी उडवली, असे घरात धरून चालत. कोणता राजा, कोणता पूर्वज, ते कुणालाच ठाऊक नव्हते. आजोबांनी तर जन्मात कोंबडीसुद्धा कापली नाही. आपल्या वाट्याचं कापून झालंय, म्हणायचे.

शिवण अर्ध्यावर आली असताना पहिली पेशंट आत आली. कोपऱ्यावरच्या मोठ्या कापड दुकानाच्या मालकीणबाई. गालावर हात, हातात बांगड्यांची गर्दी, आणि ओळखी एवढ्या की त्यांचा दात बरा झाला तर अर्धी पेठ या दवाखान्यात यायची.

त्या उंबऱ्यातच थबकल्या. खुर्चीमागून एक म्हातारा डोके बाहेर काढत होता. त्याने घाईघाईने हातातले काहीतरी फडक्यात गुंडाळले.

"अगंबाई! डॉक्टर, हे कोण?"

"हे..." डॉक्टरने हातमोजे ओढले. "हे आमचे कारागीर. खुर्चीचं काम बघतात."

खरे पाहता ‘वडील’ हा शब्द ‘कारागीर’पेक्षा एका अक्षराने लहान. वेळही वाचला असता. पण मग बाईंनी पुढचे विचारले असते, उस्तादांना सगळा बाजार ओळखतो, उस्तादांचे आडनाव काय ते कुणीतरी खणून काढले असते, आणि निळी पाटी पहिल्याच दिवशी खोटी पडली असती. असा सगळा विचार त्याने बोलण्याआधी केला होता, असे त्याला नंतर वाटले. बोलताना कसलाच विचार केला नव्हता.

वडील उठले. गुडघे झटकले.

"झालंच, डॉक्टर," ते म्हणाले. "तुम्ही बसवा बाईंना. उरलेली शिवण खुर्ची रिकामी झाली की घालतो, तोवर मी बाहेर थांबतो."

तुम्ही. डॉक्टरच्या हातातला आरसा ट्रेवर जरा जोरात आपटला. बाईंना वाटले, आता दुखणार. त्यांनी आधीच डोळे मिटून घेतले.

दार लोटले तरी बाहेरचे बोलणे आत येत होते. ताई नवी होती, त्यामुळे तिला सगळे जाणून घ्यायचे होते.

"काका, चहा घ्या. फार दिवसांची ओळख का डॉक्टरांशी?"

"लहान होते तेव्हापासून बघतोय."

"कसे होते हो लहानपणी?"

"दात घासायला रडायचे."

ताई खो खो हसली. डॉक्टर बाईंच्या दाढेतली कीड कोरत राहिला. कीड काळी होती, खोल होती, आणि वरून पाहिले तर दात अगदी स्वच्छ दिसत होता.

दुपारी प्रोफेसर आले. दोन चौक पलीकडे राहणारे, निवृत्त, गोरेपान, गळ्यापर्यंत बटणे लावलेले. जन्मभर त्यांनी कॉलेजात अरबी शिकवली. विद्यार्थी मोजके मिळाले, त्यामुळे सांगायचे बरेच शिल्लक राहिले होते. ती थकबाकी ते आता भेटेल त्याला देत.

"अक्कलदाढ," त्यांनी खुर्चीत बसता बसता जाहीर केले. "या वयात! आणि बरं का डॉक्टर, अक्कल हा शब्दही अरबीतूनच आला. घेतला खरा लोकांनी, पण वापर कमी."

"तोंड उघडा."

"हकीमसुद्धा तिकडचाच. हकीम म्हणजे शहाणा. वैद्य नंतर. आधी शहाणपण, मग औषध. मोठं नाव आहे, पेलायला जड."

"सर, तोंड."

डॉक्टरने सुई टोचली आणि जबडा बधिर व्हायची वाट पाहत दार नीट लावून घेतले. इथेच त्याचा हिशेब चुकला होता. परवान्याचे प्रमाणपत्र भिंतीला लावणे भाग होते, आणि त्यावर जुनेच नाव होते. म्हणून त्याने ते दारामागच्या भिंतीवर ठोकले होते. दार उघडले की ते आपोआप झाकले जाई. एवढेच ध्यानात आले नव्हते की काम सुरू झाले म्हणजे दार लावतात, आणि खुर्चीतल्या माणसाचे तोंड बरोबर तिकडे असते. सकाळच्या बाईंनी डोळे मिटून घेतले होते. प्रोफेसरांनी जन्मात कधी समोर अक्षर असताना डोळे मिटले नव्हते.

"डॉत्तल," ते बधिर ओठांनी म्हणाले, "गल्लाग कोन?"

"काय?"

त्यांनी बोट दाखवले. डॉक्टरने वळून पाहण्याची गरज नव्हती, तरी त्याने वळून पाहिले.

"ते... आमचं आधीचं आडनाव."

"सोगलं? का?"

"सर, तोंड उघडं ठेवा."

दाढ सहजी येईना. डॉक्टर घामाघूम झाला. प्रोफेसर मात्र चेहऱ्यावर वेदनेची रेघ न आणता प्रमाणपत्राकडे पाहत राहिले, जसे काही दाढ दुसऱ्याचीच चालली होती. अखेर ती आली. डॉक्टरने कापसाचा बोळा दाबून बसवला.

"आता अर्धा तास बोलायचं नाही. घट्ट चावून धरा."

यापेक्षा मोठी शिक्षा त्या माणसाला कुणी दिली नसेल. त्यांनी दोन्ही हात वर केले. मग आपल्या उजव्या हाताच्या पाठीवरची कातडी डाव्या चिमटीत धरून ताणली आणि डॉक्टरसमोर नाचवली. मग खुर्चीच्या हातावर थाप मारली. मग प्रमाणपत्राकडे बोट केले. कातडी, खुर्ची, प्रमाणपत्र. डॉक्टरला वाटले, गुंगी चढली. प्रोफेसरांनी पुन्हा चिमटा काढला, यावेळी डॉक्टरच्या हाताला.

"सर, काय होतंय?"

प्रोफेसरांनी बोळा ट्रेमध्ये थुंकला.

"जिल्द!" ते म्हणाले. ओठातून लाल लाळ ओघळली, ती त्यांनी रुमालाने टिपली. शब्द जड येत होते, पण येत होते. "पुस्तकाची जिल्द म्हणतो ना आपण? ती जिल्द म्हणजे मुळात कातडी. चामडं. आणि चामड्यात ज्याचा उद्योग, तो जल्लाद. फटके मारणारा तोही जल्लादच, कारण फटका कातडीवर बसतो. त्यातून पुढे फाशी देणारा, मुंडकी उडवणारा. आपल्याकडे तेवढाच एक अर्थ येऊन पोचला."

डॉक्टरच्या हातात नवा बोळा होता. तो तसाच राहिला.

"म्हणजे आमच्यात..."

"तुमच्या घरातलं मी शपथेवर सांगू शकत नाही. पण सरळ विचार करा ना. एका राजाला जल्लाद एक पुरतो. जोडे, पखाली, खोगिरं सगळ्या गावाला लागतात. मग आडनाव कोणाचं वाढणार, त्या एकाचं की गल्लीभर चामडेवाल्यांचं?" त्यांनी खुर्चीच्या शिवणीवरून अंगठा फिरवला, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, एखादी जुनी ओळ वाचावी तसा. "ही कोणी मढवली?"

प्रश्न सोपा होता. उत्तर तयार होते, सकाळपासून घशाशी येऊन थांबले होते. डॉक्टरने तोंड उघडले.

तेवढ्यात दार उघडले. ताई होती, आणि तिच्या मागे वडील, हातात फडक्यात गुंडाळलेली रापी.

"डॉक्टर, काकांचा मेणाचा दोरा आत राहिलाय," ताई म्हणाली.

"मी मढवली साहेब," वडील म्हणाले. प्रश्न त्यांनी दारातून ऐकला होता. "मी यांचा कारागीर."

"मग खरे जल्लाद तुम्ही!" प्रोफेसर आनंदाने ओरडले.

ताईने तोंडावर हात ठेवला. वडिलांचा चेहरा एकदम कोरा झाला, दुकानात अनोळखी माणसाने हाक मारल्यासारखा. त्यांनी फडक्यावरची मूठ आवळली आणि डॉक्टरकडे पाहिले. डॉक्टर खाली, ट्रेमधल्या दाढेकडे पाहत होता.

"अहो, शिवी नाही दिली," प्रोफेसर म्हणाले, आणि सगळे पहिल्यापासून पुन्हा सांगितले. जिल्द, चामडे, खोगीर, एक राजा, एक गल्ली. वडील उभ्यानेच ऐकत होते. एकदाच त्यांनी मध्ये विचारले:

"म्हणजे मुंडकी...?"

"नाही हो. कातडी. तुम्ही रोज कापता तीच."

बाहेर कुणीतरी बाकावरून उठून दाराशी डोकावले आणि परत जाऊन बसले.

"साहेब," वडील सावकाश म्हणाले, "या डॉक्टरांच्या घरी एक जुनी रीत आहे. मी ऐकून आहे. त्यांच्यातली माणसं उघडं पातं घेऊन कुणासमोर जात नाहीत. यांचे आजोबा... कोंबडीसुद्धा कापायचे नाहीत. मरताना म्हणाले, कुणाकुणाची माफी मागू, नावंच माहीत नाहीत."

"अरेरे," प्रोफेसर म्हणाले. "आणि वडील? आहेत का यांचे?"

डॉक्टरने ट्रेमधली दाढ कापसात गुंडाळली. आता बोलायचे म्हणजे फक्त एक बोट वर करायचे होते. हे. हे माझे. त्याचा हात हातमोज्यात घामाने चिकटला होता.

"आहेत," वडील म्हणाले.

"मग त्यांना जाऊन सांगा. म्हणावं, एवढी वर्षं विनाकारण झाकलंत."

"सांगतो."

"नक्की सांगाल ना? लोक विसरतात हो."

"नाही विसरत साहेब. आमची रोजची भेट आहे."

प्रोफेसर खूष होऊन गेले. जाताना डॉक्टरने त्यांच्या तोंडात नवा बोळा कोंबला, तरी दारापर्यंत ते ताईला ‘हमाल’ शब्दाची हकिगत हातवारे करून सांगत होते. ताई त्यांना रस्ता ओलांडून द्यायला गेली. बाकही रिकामे झाले होते.

वडील गुडघ्यांवर बसून उशीची शेवटची शिवण घालू लागले. दोरा ओढला की चामडे बारीक कुरकुरे. डॉक्टरने हातमोजे काढून टाकले, मग दुसरे घातले, मग तेही काढले.

"बाबा, मी पाटी बदलतो. उद्याच."

"नका बदलू. लोक आता त्याच नावानं विचारत येतील."

"बाबा, कुणी नाहीये इथे."

"हो ना."

"मग ‘तुम्ही’ काय म्हणता मला?"

वडिलांनी गाठ मारली. दात लावून दोरा तोडला, तसा ते नेहमी तोडत, आणि छोट्या लहानपणी त्यावरून त्यांना दटावत असे, बाबा, दात झिजतील.

"सवय केलेली बरी," ते म्हणाले. रागाने नव्हे. रागाने म्हणाले असते तर डॉक्टरला त्यावर काही औषध सुचले असते. "चार माणसांत तोंडातून ‘अरे’ सुटलं, तर तुमचीच पंचाईत व्हायची."

त्यांनी दाभण पिशवीत टाकले, दोरा टाकला. रापी उचलली, फडक्याचे एक टोक तिच्यावर घेतले आणि थांबले. मग त्यांनी फडके काढून खुर्चीच्या हातावर ठेवले, घडी करून, चारी कडा जुळवून. रापी उघडीच हातात धरली. तिचे पाते झिजून अर्धे झाले होते आणि त्यावर डोक्यावरच्या दिव्याचा उजेड पडला होता.

"येतो, डॉक्टर."

ते बाहेरच्या खोलीतून गेले, पायऱ्या उतरले. डॉक्टर फडके घेऊन मागे धावला. फुटपाथवर सकाळच्या मालकीणबाई दुकानाच्या पायरीवर उभ्या होत्या. गालावरचा हात आता खाली आला होता. वडील त्यांच्यासमोरून गेले, उघडे पाते हातात, मान ताठ. बाईंनी काही पाहिलेसुद्धा नाही. कारागिराच्या हातात हत्यार असायचेच.

"बाबा!"

हाक मोठी निघाली. औषधवाल्याने काउंटरवरून मान वर केली. बाईंनी वळून पाहिले, एकदा डॉक्टरकडे, एकदा म्हाताऱ्याकडे. आता सगळ्यांना कळले होते आणि कुणाचेच काही बिघडले नव्हते. बाई दुकानात गेल्या. औषधवाला पुन्हा गोळ्यांच्या पट्ट्या लावू लागला.

कोपऱ्यावर वडील थांबले. वळले. आदबीने, गिऱ्हाइकासाठी थांबतात तसे.

"बोला, डॉक्टर."

त्याने फडके वर करून दाखवले. त्यांनी हातानेच ‘राहू द्या’ म्हटले आणि ते कोपऱ्याआड गेले.

हिशेब मांडायचा तर तसा फार खर्च कुणाला आलाच नव्हता. प्रोफेसरांची अक्कलदाढ गेली, अक्कल शिल्लक राहिली. बाईंची कळ थांबली. पाटी जिथल्या तिथे होती. घरातल्या तीन पिढ्यांनी न केलेल्या गुन्ह्याचे जे देणे भरले होते, तेही त्या दुपारी फिटले. जल्लादांच्या घराण्यात कुणाची मान गेली नव्हती, कधीच नाही. उलट बापाने मुलाला मान दिला होता. आणि त्या भल्या माणसाला दिलेले परत घ्यायची सवय नव्हती.